बाजा वाजवणारी सिस्टर

इंदे, तू गेल्यापासून घरात माणसं येतात आणि हळू आवाजात बोलतात. शेजारच्या कापडाच्या कारखान्यात लूमचा खडखडाट चालू, त्यात यांचं कुजबुजणं. मला नुसते ओठ हललेले दिसतात. मी आपली मान डोलावत बसते. परवा एकीला म्हटलं, "जरा मोठ्यानं बोल बाई, इंदू गेलीय, मी नाही." ती चहा अर्धा टाकून उठली. तू असतीस तर हसता हसता तुला ठसका लागला असता.

सगळ्यांना वाटतं, ही मास्तरीण दगडाची आहे, सख्खी बहीण गेली तरी डोळ्याला पाणी नाही. पाणी आहे. सकाळी मोरीत एकटी असते तेव्हा येतं, चांगलं पोटभर येतं. पण रडून झालं की आत हलकं वाटतं, आणि हे हलकं वाटणं चारचौघांत सांगण्यासारखं नाही. धाकटी गेली आणि थोरलीला सुटल्यासारखं होतंय असं कळलं, तर दापोड्याची आत्या जन्मभर माझ्याशी बोलायची नाही. म्हणून तुलाच सांगते. कारण तुला ठाऊक आहे.

गावाला तुझी गोष्ट अर्धीच माहीत आहे. ज्यांना माहीत आहे त्यांना त्यातला बाजा तेवढा आठवतो. म्हणून आज पहिल्यापासून सांगते. तू मध्ये बोलू नकोस. एवढ्या वर्षांत मला पहिल्यांदाच सलग बोलायला मिळतंय.

आपल्या भिवंडीतल्या त्या धर्मादाय दवाखान्यात तू प्रसूतिगृहाची सिस्टर. सरकारनं ट्रस्टला ग्रँट दिली, बाळंतिणींसाठी खाटा घ्या म्हणून. लोखंडी खाटा आल्या, त्यांवर रेक्झिनच्या गाद्या आल्या. ट्रस्टचे अध्यक्ष म्हणजे आपले शेठ. त्यांनी बँड लावून वॉर्डाचं उद्घाटन केलं. आणि खेड्यापाड्यातल्या बाया काही त्या खाटांवर टिकेनात. बाळंत व्हायला यायच्या, नाळ कापून होते न होते तोच सासू दारात उभी, चल घरी. तू घरी येऊन कपाळाला हात लावायचीस. मी म्हणायची, अडाणी आहेत, दुसरं काय.

"अडाणी न्हाय गं अक्का," तू म्हणायचीस, "त्यांना शेक पायजेल."

शाळेत शिकलेली भाषा तू दवाखान्यात बोलायचीस आणि मनातलं मात्र आपल्या दिघाशी गावच्या बोलीत बोलायचीस. मी तुझं बोलणं सुधारायला जायची आणि तू मला चिडवायचीस, "लाव पट्टी हातावर." पण तुझं म्हणणं खरं होतं. आपण दोघी जन्मलो त्या घरातही बाजच होती. सुंभानं विणलेली, खाली निखाऱ्यांची शेगडी, आणि दोरीच्या फटींतून बाळंतिणीच्या कमरेला लागणारी ऊब. रेक्झिनच्या गादीतून शेक कसा लागणार? शेगडी ठेवली तर गादीच पेटायची. मग सासवा म्हणायच्या, आमच्या पोरीला इथं थंडी भरेल, आम्ही नेतो.

मग ती आपल्याच बाजूची पोर आली, पहिलटकरीण. बाळंत झाल्या झाल्या बैलगाडीत घालून नेली. वाटेत अंगावरून रक्त जायला लागलं ते थांबलंच नाही. बाळ वाचलं, ती गेली. तू घरी येऊन ताटावर बसलीस आणि भातात नुसती बोटं फिरवत राहिलीस. मी रागावले, जेवायचं नव्हतं तर वाढून कशाला घेतलंस म्हणून. तू म्हणालीस, अक्का, ती चार दिवस माझ्याजवळ राहिली असती तर जगली असती. मी तुझं ताट उचलून झाकून ठेवलं.

त्याच आठवड्यात तू ग्रँटमधल्या उरलेल्या पैशांतून बाजा करायला टाकल्यास. शेठना विचारलं होतंस. ते मोटारीत बसता बसता म्हणाले, करा तुम्हाला काय करायचं ते. सरकारला विचारायचं कुणाच्या मनातही आलं नाही. लूमचं लाकूडकाम करणाऱ्या इस्माईल मिस्त्रींनी बाजा केल्या, सुंभ विणून दिलं. डॉक्टरीणबाई आधी नाक मुरडत होत्या, मग म्हणाल्या, मागच्या व्हरांड्यात टाका, आणि निखारे बिनधुराचे हवेत. आणि बाया राहू लागल्या. सासवाच सुनांना घेऊन येऊ लागल्या, बाज रिकामी नसली तर तुझ्याशी भांडू लागल्या. तो तुझा सुखाचा काळ. घरी यायचीस तेव्हा तुझ्या साडीला शेगडीतल्या ओव्याचा वास असायचा.

आता बाजाचं. एक बाज, अनेक बाजा. वीट, विटा. माळ, माळा. म्युनिसिपालिटीच्या शाळेत मी पोरांना हेच घोकायला लावते. मिस्त्रींनी पावतीवर सरळ लिहिलं, बाजा. सरकारी ऑडिटर आला तो तरुण पोरगा, मुंबईत चाळीत वाढलेला. त्यानं बाज कुठं बघितली असणार? त्याला ठाऊक एकच बाजा, लग्नात वाजतो तो. त्यात उद्घाटनाला बँड वाजला होता हेही कुणीतरी त्याच्या कानावर घातलं. त्यानं शेरा मारला की प्रसूतिगृहाचं अनुदान बाजावर खर्च झालं.

काय हसली भिवंडी! नाक्यावरच्या टपरीवर लूमवाले म्हणायचे, "सिस्टर का बाजा बज गया." माझ्या वर्गातली कार्टी मी फळ्याकडं वळले की तोंडानं पिपाणी वाजवायची. मी एकाला धरून बदडलं. तू मात्र पहिल्यांदा ऐकलंस तेव्हा पोट धरून हसलीस. म्हणालीस, येऊ दे त्याला परत, एका बाजेवर झोपवते. पण तोवर कागद वर गेला होता. चौकशी लागली, ग्रँट थांबली, आणि चौकशी संपेपर्यंत ट्रस्टनं तुझी ड्युटी काढून घेतली. त्या दिवशी तुझं हसणं गेलं. बाया मागच्या दारानं घरी येऊन विचारायच्या, सिस्टर, तुम्ही कधी येणार? तू त्यांना चहा करून द्यायचीस आणि विषय बदलायचीस.

तुझ्या पोटातली गाठही त्याच सुमारास निघाली. मुंबईच्या डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं. तू सिस्टर, तुला कुणी सांगायची गरजच नव्हती.

मग शेठ स्वतः आपल्या घरी आले. आपल्या बौद्धवस्तीतल्या पोरांनी त्यांच्या मोटारीला गराडा घातला. आपल्याकडचा चहा त्यांनी पूर्ण घेतला, हेही सांगते, उगाच नावं ठेवायला नकोत. म्हणाले, रक्कम मी माझ्या खिशातून भरतो, चौकशी मिटेल. सिस्टरनं फक्त दोन ओळी लिहून द्यायच्या, नजरचुकीनं झालं म्हणून. मग थोड्या दिवसांनी बघू, दुसऱ्या एखाद्या वॉर्डात काही होतंय का. मला ते पटलं. का पटू नये? तुझ्या अंगात उभं राहायचं बळ नव्हतं. मी पेनाचं टोपण काढून तुझ्यासमोर धरलं. म्हटलं, सही कर आणि मोकळी हो.

"नजरचुकीनं न्हाय झालं अक्का," तू म्हणालीस. "चांगलं बघून केलंय मी."

आणि शेठना म्हणालीस, इचारू द्या त्यांना, पैसा लोकांचा हाय. शेठनी टोपी घातली आणि निघाले.

त्यानंतर आपण जे भांडलो! भिंतीपलीकडच्या बाईनं येऊन विचारलं, कुणी पडलं का. मी म्हणत होते, चांगल्या माणसाला असं पिंजऱ्यात उभं करतात का? तू चांगलं काम केलंस, बाया जगल्या, संपलं. चोराला विचारावं सरकारनं. तू उशीला टेकून, धापा टाकत, पण माघार नाही. म्हणालीस, चांगला कोण नि चोर कोण हे विचारल्याबिगर कळनार कसं? शेठपण सोताला चांगलंच समजतात. मी म्हटलं, तू मरायला टेकलीस तरी तुझी जीभ काही वळत नाही. असलं बोलायला नको होतं म्हणशील, तर बोलले, तूही मला त्या दिवशी कमी बोलली नाहीस.

ठाण्याच्या कचेरीत चौकशीची तारीख होती, त्या दिवशी तू बाज घेऊन निघालीस. मी म्हटलं, वेड लागलंय का? एसटीच्या कंडक्टरनं बाज चढवू दिली नाही. मग कापडाच्या गाठी नेणाऱ्या ट्रकवर मिस्त्रींनी ती बांधून दिली आणि आपण दोघी ड्रायव्हरजवळ बसलो. त्यानं विचारलं, "माताजी, खटिया किसकी है?" तू म्हणालीस, "सरकार की है, भैया." तो बिचारा सरकारी माल समजून, खड्डा दिसला की गाडी हळू करायचा.

कचेरीतला शिपाई बाज आत घेईना. तू त्याच्याशी काय बोललीस कोण जाणे, पण तोच एक बाजू धरून आत आला. चौकशी अधिकारी वयस्क होते, जाड भिंगांचे. तो ऑडिटरही बसला होता. तू बाज मधोमध ठेवलीस आणि म्हणालीस, साहेब, हाच तो बाजा, वाजवून बघा. सगळी कचेरी हसली. ऑडिटरचे कान लाल झाले. साहेबही हसले. मला वाटलं, संपलं, सुटलो. मी बाज उचलायला वाकलेसुद्धा.

साहेबांनी चष्मा पुसला आणि म्हणाले, "बाई, वाद्य नाही हे समजलं. पण सरकारनं पैसे लोखंडी खाटांना दिले होते. तुम्ही कुणाला विचारून बदललंत?"

मी ताठ उभी राहिले. म्हणणार होते की साहेब, एक पोर मेली तेव्हा कुणी विचारायला आलं नव्हतं. तू माझा पदर ओढून मला खाली बसवलंस. मग त्या पोरीचं तूच सांगितलंस, शांतपणे, कुणाचा दोष न काढता. शेकाचं सांगितलंस. आणि शेवटी म्हणालीस, "सरकारला विचारलं न्हाय, साहेब. विचारायला पायजे होतं. पण मग मला एकटीला नका विचारू. ग्रँटचा पैसा ज्यांच्या ज्यांच्या हातातून गेला, त्या सगळ्यांना विचारा."

साहेबांनी ते समोरच्या कागदावर टिपून घेतलं. मग त्यांनी ट्रस्टच्या सगळ्या ग्रँटचे कागद मागवले. त्यात कमान निघाली. दवाखान्याच्या दारातली ती मोठी कमान, तिच्यावर संगमरवरात शेठच्या वडिलांचं नाव. ती इमारत-दुरुस्तीच्या ग्रँटमधून झाली होती, आणि दुरुस्ती झालीच नव्हती. तुझा वॉर्ड दर पावसात गळायचा, तू खाली बादल्या लावायचीस, आणि आपण समजायचो की ट्रस्टकडं पैसे नसतील. तू त्या दोन ओळी लिहून दिल्या असत्यास तर चौकशी तिथंच मिटली असती. कमानीपर्यंत कुणी पोचलंच नसतं.

पुढचे दिवस मला आठवायला नकोत. निकाल येईना आणि गाठ थांबेना. तू जाणार हे मी मनाशी धरलं होतं. पण चौकशी चालू असलेली बाई म्हणून जाणार, हे माझ्या घशाखाली उतरत नव्हतं. मागं राहिलेल्या मला लोकांनी काय विचारलं असतं? बाजाचं काय झालं हो शेवटी? शनिवारी सकाळची शाळा सुटली की मी ठाण्याला जायची. नुकतीच आणीबाणी उठली होती, कचेरीतल्या लोकांना वेळेवर यायची सवय तेवढी उरली होती, कामाची गेली होती. कारकून म्हणायचा, निकाल टायपिंगला आहे. मी विचारायची, टायपिंग करणारा कुठं आहे? तो म्हणायचा, रजेवर. मी तिथंच बाकड्यावर बसून राहायची, त्याला माझं तोंड दिसत राहावं म्हणून. शेवटी माझ्या तोंडाला कंटाळूनच असेल, त्यानं निकालाची प्रत हातात दिली.

घरी येऊन मी चपलाही काढल्या नाहीत. तू डोळे मिटून पडली होतीस. मी म्हटलं, इंदे, आला. तू म्हणालीस, हळू वाच. मी वाचलं. सिस्टरनं पैसा खाल्ला नाही. बाजा प्रसूत स्त्रियांच्याच उपयोगाला आल्या, म्हणून तो खर्च मान्य. कमानीचा पैसा विश्वस्तांनी स्वतः भरायचा. पुढची ग्रँट वेगळ्या खात्यात ठेवायची, आणि ती कशावर खर्च झाली ते दवाखान्याच्या भिंतीवर मराठीत लावायचं, येणाऱ्या-जाणाऱ्याला वाचता येईल असं. सिस्टरला कामावर परत घ्यायचं. मी कागद मिटला आणि म्हटलं, सुटलीस गं बाई.

तू डोळे उघडलेस. म्हणालीस, मधलं गाळलंस.

गाळलं होतं, आणि पुन्हा वेळ आली तर पुन्हा गाळीन. मधे ताशेरा होता तुझ्यावर. जबाबदार कर्मचारी असूनही पूर्वपरवानगी न घेता अनुदानाचा खर्च बदलला, हे गैर आहे, असं काहीसं. मरणाच्या दारातल्या बहिणीला ते ऐकवायला माझी जीभ धजली नाही. मी म्हटलं, काही नाही गं, सरकारी भाषा.

"वाच," तू म्हणालीस. "तेवढंच माझं हाय."

मी वाचलं. तू ते दोनदा वाचायला लावलंस. दुसऱ्यांदा मी 'जबाबदार कर्मचारी' पाशी आले आणि तू हात वर केलास. तुझं तोंड असं झालं होतं की मला आधी कळेचना, दुखतंय की काय. मग तू सांगितलंस. की आजवर दवाखान्यात मला हुकूम दिले, कधी रागावले, कधी कीव केली. आपल्या वस्तीतली पोर शिकली म्हणून कौतुकही केलं. पण तू हे का केलंस, तुझं म्हणणं काय, असं समोर बसवून कुणी विचारलं नव्हतं. त्या साहेबानं विचारलं. आणि चुकलीस तिथं चुकलीस म्हणाला, शेठला म्हणाला तसंच.

मला तेव्हाही ते पटलं नाही. मी म्हटलं, कौतुक करायचं सोडून ताशेरे मारतात आणि तू खूश? तू म्हणालीस, तुला न्हाय कळायचं, तू मास्तरीण, तुझा शब्द सगळे आधीपासून मानतात. मी म्हटलं, मानतात कुठं, पिपाण्या वाजवतात. तू हसलीस. खूप दिवसांनी हसलीस, आणि मग गाढ झोपलीस. मी बाजूला बसून तुझ्या तोंडाकडं बघत राहिले. कपाळावरची ती आठी गेली होती.

नंतर एकदाच तू ड्युटीवर गेलीस. युनिफॉर्म अंगावर लोंबत होता. मी आणि मिस्त्रींच्या बायकोनं तुला दोन्हीकडून धरलं होतं. व्हरांड्यातल्या बायांनी तुला मधल्या बाजेवर बसवलं, एका सासूनं आपल्या सुनेची शेगडी ओढून तुझ्या खाली सारली. तू म्हणालीस, मी काय बाळंतीण हाय? ती म्हणाली, गप बसा सिस्टर, शेक घ्या. तू गप बसलीस. तुला गप बसवणारी बाई मी पहिल्यांदाच बघितली.

म्हणून हलकं वाटतं, इंदे. तू गेलीस ती डाग घेऊन गेली नाहीस. उधारीवर कुणाची मेहेरबानी घेऊनही गेली नाहीस. शेठच्या खिशातून सुटली असतीस तर मी आज या घरात मान खाली घालून बसले असते, आणि लोक हळू बोलतात ते मला बरंच वाटलं असतं. तुझ्या हट्टाचा मला अभिमान होता, हे मी तुला कधी म्हटलं नाही. तोंडावर आलं की त्याचं भांडणच व्हायचं. आता म्हणते.

परवा तुझा जलदानविधी झाला. वस्ती होती, डॉक्टरीणबाई होत्या, इस्माईल मिस्त्री टोपी घालून मागं बसले होते, खेड्यांतल्या बाया पोरं कडेवर घेऊन आल्या होत्या. शेठही आले. भंतेजींचं वंदन झाल्यावर शेठ बोलायला उभे राहिले. चांगलं बोलले. म्हणाले, सिस्टर म्हणजे देवमाणूस, त्यांच्या हातून उभ्या आयुष्यात एकही चूक झाली नाही, जे काही झालं तो गैरसमज होता. बायांनी डोळ्यांना पदर लावले. ऐकायला मला गोड लागलं, खोटं कशाला सांगू. मी गप्प राहिले असते तर सगळं छान पार पडलं असतं.

मी उभी राहिले. म्हटलं, "एक चूक झाली. लोकांच्या पैशाचा खर्च तिनं सरकारला न विचारता बदलला. तिला विचारलं, तिनं उत्तर दिलं, आणि ते निकालात लिहिलेलं आहे. ती देवमाणूस नव्हती, जबाबदार सिस्टर होती." मग मी शेठकडं वळले. "शेठ, विचारलंय तुम्हालाही. कमानीचं उत्तर अजून यायचंय."

भंतेजींनी मला बसायला सांगितलं नाही. एक पोर रडायला लागलं, आईनं त्याला पदराखाली घेतलं. शेठ माझ्याकडं बघत होते, मग त्या बायांकडं, मग खाली. मला वाटलं, उठून जातील.

"भरतो, बाई," ते म्हणाले. "याच महिन्यात भरतो."

सगळ्यांनी ऐकलं, इंदे. मी विचारलं आणि ते बोलले.